खारीच्या घरांच्या एकोणतीस कॅसेटी

मी, कमळाकर गजानन नाबर, वय वर्षे शहात्तर, राहणार भाईंदर पूर्व, आज सकाळचा चहा घेऊन, डोकं ठिकाणावर असताना आणि कोणाच्याही सांगण्यावरून नव्हे तर माझ्या मर्जीने हे मृत्युपत्र लिहीत आहे. डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. त्यांनी फक्त तारीख विचारली होती. पाचवीची कविता मी आपणहून शेवटच्या कडव्यापर्यंत म्हणून दाखवली.

१. राहता फ्लॅट व बँकेतली ठेव माझा मुलगा परेश यास.

२. माझी शाळेतली मराठीची क्रमिक पुस्तकं नात सान्वी हिला. कविता मोठ्याने म्हणाव्यात. मनात वाचल्यास पुस्तकं परत घ्यायला मी नसेन, पण मला आवडणार नाही.

३. कॅमेऱ्याचा स्टँड सोसायटीचे सेक्रेटरी भूपेशभाई यांना. "काका, खाली पार्किंग का शूटिंग करके क्या मिलेगा?" हे मी विसरलेलो नाही. त्यांनी स्टँडवर मोबाईल लावून तेच पार्किंग तासभर बघावं.

४. आता मुख्य. इथल्या खारी गावातली जुनी घरं पाडून इमारती झाल्या, तेव्हा मी तिथल्या माणसांना पार्किंगमध्ये, जिथे ज्याचं घर होतं तिथे बोलावून कॅमेरा चालू ठेवला. चूल कुठे, देव कुठे, जाळी कुठे टांगायची, सगळं ती हाताने दाखवत. एकोणतीस कॅसेटी भरल्या. त्यातून अठरा मिनिटांची फिल्म केली. दिल्लीच्या महोत्सवात वाहवा झाली. मग गच्चीवर पडदा लावून खारीकरांना दाखवली. धाकूबाई भोईर उठून म्हणाल्या, "भाऊ, आमी चपला काढल्या त्या कुठं गेल्या? मंग उंबरा कुठं हाय? ह्यात माजं घर न्हायच."

खरंच, प्रत्येकाने त्या सिमेंटवर पाय ठेवण्याआधी चपला काढल्या होत्या. त्यात कोणी बोलत नाही म्हणून मी तेवढंच कापलं होतं. एवढी मोठी चूक मी आयुष्यात दुसरी केली नाही.

धाकूबाई आता नाहीत. त्यांची मुलगी शैला दर रविवारी येऊन कॅसेटी बघते. परेश म्हणतो, "बाबा, फिल्म म्युझियमला देऊ या. तुमचं नाव राहील. रॉ टेप कोण बघतंय?"

शैला बघतेय, परेश.

म्हणून सगळ्या कॅसेटी, त्या लावायच्या मशीनसह, शैला भोईर हिला. अठरा मिनिटांची फिल्म तिच्या लेखी होकाराशिवाय कोणालाही देऊ नये. ती पुसून टाक म्हणाली, तर परेशने स्वतःच्या हाताने पुसावी. माझ्या नावाची काळजी करू नये.

शैलाला आज विचारलं, काय ठरवशील? म्हणाली, "आदी बगते सगल्या. मंग सांगते." ती साक्षीदार म्हणूनही सही करणार होती, पण मृत्युपत्रातून जिला काही मिळायचं तिची सही चालत नाही, म्हणून वकिलांनी पेन काढून घेतलं.

तिला किती वर्षं लागतील, माहीत नाही. परेशने तोवर विचारायला फोन करू नये.

सही: कमळाकर गजानन नाबर

साक्षीदार: १. डॉ. रसिका सामंत २. स्वप्नील तांडेल
आम्हा दोघांसमोर सही झाली.

भाईंदर पूर्व, दि. ९ नोव्हेंबर २०२५