दादाच्या जागेवरची फळी

प्रिय दादा,

"देवाला माझा पाय फक्त रविवारीच दिसतो का?" असं विचारून तू चर्चला येणं सोडलंस. बाबा गप्प राहिले, म्हणून त्यांच्याशी बोलणंही. शाळेत प्रार्थनेला गुडघे टेकले की तुझा आखूड डावा पाय ठणकायचा, चर्चमध्ये कधीच नाही. आई म्हणायची, देवाची कृपा.

आज मला कुणाला तरी सांगितल्याशिवाय राहवत नाहीये. आपल्या चर्चला शंभर वर्षं होतायत आणि त्याचा इतिहास मी लिहितेय. घंटा कुठून आली, आग कशी लागली, सगळं लिहून झालं. मग बाबांनी केलेल्या बाकांपाशी आले, म्हणून ती नीट बघायला गेले. पहिल्यांदाच तुझ्या जागेवर गुडघे टेकले आणि चक्क तिरकी झाले. बाकासमोरच्या गुडघे टेकायच्या फळीवर डावीकडे दोन बोटं जाडीचा तुकडा बसवलाय. सांधा नखालाही लागत नाही.

धावतच घरी आले. बाबा चहा पीत होते.

"बाबा, तो तुकडा तुम्ही बसवलात?"

"नाही, देव रंधा घेऊन आला होता."

"मग सांगितलं का नाहीत?"

"तुझी आई देवाचे आभार मानून किती खूश असायची. तिचा आनंद कशाला मोडायचा? आणि दादा ऐकायला थांबलाच नाही."

पुढच्या महिन्यात नवी बाकं येतील. त्याआधी एका रविवारी ये, बाबांच्या शेजारी त्या जागेवर बस. तू नाहीच म्हणशील, म्हणून पाकिटावर पत्ता घालायला हात होत नाहीये. तरी ये.

तुझं शेपूट