हरणाबाईंचा कापलेला प्रसंग

पुणे, ४ एप्रिल १९६२

हरणाबाई, मु. तामलवाडी,

तुळजापूरच्या गोपाळकृष्णाचा नमस्कार.

सात वर्षांपूर्वी तुमच्या माळावर माझ्या पहिल्या चित्रपटाचं शूटिंग झालं. तुम्ही तिथं मेंढरं राखत होतात. मुलाला निरोप देणाऱ्या आईचं छोटं काम मी तुम्हाला दिलं आणि कॅमेरा सुरू होताच तुम्ही खरोखर रडलात. नंतर म्हणालात, "माजा बिभीषण गिरणीत गेला तवा टिपूस आलं न्हाय. आज आलं बगा."

चित्रपट सोलापूरला लागला, तेव्हा निम्मं गाव घेऊन तुम्ही आलात. पडद्यावर तुम्ही कुठंच नव्हतात. बाहेर मी उभा होतो. तुम्ही विचारलंत, "साहेब, म्या कुठं हाय?"

मी म्हणालो, "तेवढी फिल्म जळाली, बाई."

ती जळाली नव्हती. तुमच्या रडण्यापुढं आमच्या नायिकेचं रडणं खोटं दिसत होतं. निर्माते म्हणाले, "त्या बाईला काढा, नाहीतर मी दिग्दर्शक बदलतो." मी माझ्या हातानं तुमचा प्रसंग कापला. त्यानंतर मला चार चित्रपट मिळाले.

हे पत्र पाठवलं तर तुमच्या गावच्या शाळेतले गुरुजी ते तुम्हाला चारचौघांत वाचून दाखवतील, म्हणून ते माझ्याकडंच राहील. तुमचा राग मी सोसला असता. पण त्या दिवशी माझ्या पाठीवर हात ठेवून तुम्ही म्हणालात, "जाऊ द्या साहेब, तुमची बी लई म्हेनत जळाली की." ते अजून सोसत नाही.

तुमचा अपराधी,
गोपाळकृष्ण