हुकूम जिथे हातात दिला ते शहर

घडले ते असे:

१. मी धरणावर मापन अभियंता होते. भिंतीतून झिरपणारे पाणी वाढले, तेव्हा त्याचा अहवाल साहेबांना डावलून थेट वर पाठवला.
२. साहेबांनी मला बडतर्फ करायचे ठरवले. आमच्या खात्यात बडतर्फीचा हुकूम समक्ष हातात द्यावा लागतो, आणि तो ज्या गावी दिला तिथल्याच न्यायालयात दाद मागता येते.
३. धरणावर दिला असता, तर खटला इथे चालला असता. म्हणून दूरच्या शहरात, साहेब बसतात त्या मुख्य कचेरीत कारकून असलेल्या माझ्या धाकट्या भावाने फोन केला : "ताई, साहेब नरम पडलेत. तू फक्त ये, मी आहे ना!"
४. मी गेले. हुकूम पुढे सरकवत साहेब म्हणाले, "आधी चहा घ्या, मग सही करा."
५. भावाला बढती मिळाली.
६. इथल्या न्यायालयाने माझा अर्ज परत केला. तो आता त्या शहरात दाखल आहे. ते शहर एका दिवसात जाऊन येण्यासारखे नाही आणि मला दिवसाआड डायलिसिस लागते.

मी, वय चौतीस, अविवाहित, हे मृत्युपत्र करते. मूत्रपिंडे निकामी आहेत, बुद्धी शाबूत आहे; डॉक्टरांनी तसा दाखला दिला आहे. माझ्यावर कोणाचे दडपण नाही. दडपण आणू शकतील अशी माणसे मला भेटायला येत नाहीत.

माझी मोजमापाची उपकरणे धरणावरच्या पंपचालकाला द्यावीत. तो ती पुसून ठेवतो.

भावजयीने इस्पितळात माझी उशी नीट करता करता विचारले होते, "ताई, सासूबाईंच्या बांगड्या लॉकरमध्येच आहेत ना?" बांगड्या पंपचालकाच्या मुलीच्या हातात आहेत. लॉकरची किल्ली भावजयीला द्यावी.

साहेबांना काही नाही. त्यांचा चहा मी प्यायले नव्हते, फिटंफाट.

राहते घर माझ्या कमाईचे आहे. गेल्या महिन्यात भाऊ तब्येत पाहायला आला, तेव्हा सोबत एक 'मित्र' होता. भाऊ माझ्या औषधांची चिठ्ठी वाचत होता आणि मित्र भिंतींवर टिचक्या मारत होता. घर भावाला हवे आहे, हे मला कळले. ते मी त्याला देते, पुढील शर्तीवर.

माझ्या पश्चात खटला वारसानेच पुढे चालवायचा असतो, आणि वारस तो एकटाच. त्याने माझ्या जागी उभे राहावे, आणि तो फोन कोणाच्या सांगण्यावरून केला, ते शपथेवर सांगावे. मला जे अंतर कापता आले नाही, ते त्याच्यासाठी एक रस्ता आहे : न्यायालय त्याच्या कचेरीच्या समोरच आहे. साहेबांच्या खिडकीतून ते दार दिसते. साक्षीनंतर नोकरी टिकेल का, हा त्याचा प्रश्न आहे.

अर्ज परत आला, त्या दिवशी तो म्हणाला होता, "ताई, शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये." मी म्हटले, "शहाण्याने. तुला हरकत नाही."

शर्त नाकारली, तर घर पंपचालकाचे. खटला बुडेल आणि मी कायमची बडतर्फच राहीन. पण भाऊही भाड्याच्या खोलीतच राहील.

अंत्यविधीला भावाने रडू नये. तिथे त्याला कोणी बढती देणार नाही.

अंमलबजावणी माझ्या वकीलबाई करतील.

सही : मृत्युपत्र करणारी
साक्षीदार : डायलिसिस विभागातील डॉक्टर, त्याच विभागातील परिचारिका. दोघांनी माझ्यासमोर सह्या केल्या; दोघांना यातून काही मिळत नाही.
ठिकाण : धरणाची वसाहत. कोणाला हरकत असेल, तर त्याने इथल्या न्यायालयात यावे.
दिनांक : ४ मार्च

भावास : प्रत सोबत पाठवली आहे. डॉक्टर म्हणतात, उन्हाळा निघेल असे धरून चालू नका. मी असेपर्यंत घर कोणाच्या नावे करायचे, ते माझ्या हातात आहे. शर्त मान्य आहे की नाही, ते वीस मार्चपर्यंत लेखी कळव.