पाण्यातल्या बाईची चौकट

३ फेब्रुवारी, सापगाव
लग्नानंतर आज शेखरच्या घरी आले. नदी हाकेच्या अंतरावर, परसात कढीपत्ता, शेजारी बोलक्या ताराबाई. शेखर मागच्या खोलीत जुन्या मूकपटांची रिळं साफ करून एकेक चौकट संगणकावर उतरवतो. सध्याच्या पटात माणसं समुद्राच्या तळाशी गाव वसवतात, दारावरून मासे जातात. पाणीबिणी काही नाही, कॅमेऱ्यापुढे माशांची काचेची पेटी ठेवायचे, असं शेखर म्हणाला. मी पोट धरून हसले.

८ फेब्रुवारी
मीही हाताशी असते. खराब चौकट कापली की तिथे कोरी चौकट जोडायचीच, हे शेखरने मला दोनदा बजावलं. रिकामी जागा पट स्वतःच भरतो, असं त्याचे उस्ताद म्हणायचे. पटात तळगावची राणी आहे. मोठे डोळे, मोकळे केस. शेखर भिंगाखाली तिच्या गालावरची बुरशी कापसाने टिपतो. माझ्या गालाला लागलेलं पीठ त्याला दिवसभर दिसत नाही.

१२ फेब्रुवारी
त्याचा चहा निवला, तिसऱ्यांदा. मला हेवा वाटतो, लिहूनच टाकते. शंभर वर्षांची सवत, तीही मुकी! भांडायचं तरी कसं? परवा राणी खाली बघत होती, आज समोर बघतेय, असं शेखर कौतुकाने सांगत होता. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

१३ फेब्रुवारी
शेखर शहापूरला गेला. राणी समोर बघते, तीच चौकट मी कापून चुलीत टाकली. भपकन पेटली. कोरी चौकट जोडली नाही, टोकं तशीच सोडून रीळ गुंडाळलं. तिच्यासाठी जागा कशाला राखायची?

१४ फेब्रुवारी
फरशी ओली. ताराबाईंना हाक मारली. त्या माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या. “तोंड हालतंय गो, पण आवाज येत नाय.” शेखर रात्रीच परतला होता, त्याच्याकडे धावले. त्याने मान वर केली नाही. रीळ सलग आहे, एकही चौकट कमी नाही, असं स्वतःशीच म्हणाला.

१५ फेब्रुवारी
केस वर तरंगतात. हात जड. कुंकू काळं दिसतंय, हळद राखाडी—

दुपारी
स्वयंपाकघरात कुणीतरी चहा गाळतंय. माझी साडी. तेच मोठे डोळे, मोकळ्या केसांतून पाणी ठिबकतंय. शेखरने माझ्या नावाने हाक मारली, मनस्वी. तिने ओ दिली. माझ्या आवाजात. मी धावले— काच. सगळीकडे काच—

१६
भिंग आलं. शेखरचा डोळा, केवढा मोठा. माझ्या गालावर कापूस फिरवतोय, किती हळुवार. अखेर माझ्याकडेच बघतोय—
त्याच्या खांद्यावरून ती बघतेय. चहा तिथेच ठेवलाय, निवलेला. तिच्या हातात कात्री— शेखर, कोरी चौकट तरी