बंधूंच्या हस्ते सत्कार

अमरावती
१९ ऑगस्ट २०२५

प्रिय प्रीतम,

सप्रेम जय भीम. इकडे सगळं ठीक. चतुराआत्याचा गुडघा अजून दुखतो, तरी हट्टानं भातकुलीला लग्नाला जाऊन आली. तू फोन उचलत नाहीस, म्हणून पत्र.

आपल्या पूर्णा विद्यापीठाची अक्कल ऐक. मला काढणं बेकायदा होतं, वनस्पतिशास्त्र विभागात परत घ्या आणि शिकवायला तास द्या, असं हायकोर्टानं सांगितलं. यांनी तो आदेश फाइलीत घालून वर चहा प्यायला. मग मी अवमान याचिका टाकली. कुलसचिव भगवंतरावांनी नागपूरला जातीनं हजर राहावं, अशी नोटीस निघाली आणि जिन्यात मला ओळख न देणारे ते एकदम माझ्या प्रकृतीची चौकशी करू लागले. यांना कायदा कळत नाही. न्यायाधीशांपुढे मान खाली घालून उभं राहावं लागेल, एवढंच कळतं.

मी रुजू झाले त्या दिवशी काय केलं, तुला ठाऊकच आहे. सत्कार! माफी ज्यांनी मागायची, त्यांनी मलाच शाल-श्रीफळ दिलं. भगवंतराव मला 'संस्थेची लेक' म्हणाले. लाज कशाशी खातात हे त्या माणसाला माहीत नाही. दुसऱ्या दिवशी वेळापत्रकात माझ्या नावावर एकही तास नव्हता. शिपाई म्हणाला, "म्याडम, वर्ग नाई तुमाले, पण खुर्ची नवी आनली हाये." निवृत्तीला वर्ष उरलंय. खुर्ची घेऊन काय करू? मला वर्गात उभं राहायचंय.

आता त्यांचं शपथपत्र आलंय. आदेशाचं पालन झालं, बिनशर्त माफी असावी. पुराव्याला सत्काराचा फोटो. खाली लिहिलंय, 'अर्जदाराने बंधूंच्या हस्ते सत्कार स्वीकारून समाधान व्यक्त केले.'

तू अकोल्याहून पहिल्या गाडीनं आलास, माझ्या खांद्यावर शाल घातलीस, आणि मी सगळ्यांदेखत रडले. मला वाटलं, भाऊ आला. आठवड्याभरात तुझा फोन. "ताई, माफी मागून रायले ना ते? मिटव ना वं आता. अजून काय पायजे तुले?"

माझे तास कोणाला दिलेत, ते गुरुवारी कळलं. दाराबाहेर उभी राहून ऐकलं. आत तुझा पोरगा संघपाल शिकवत होता, तासिका तत्त्वावर. छान शिकवतो रे. पानाची साल सोलून काचेवर कशी अंथरायची, ते मीच त्याला तुझ्या अंगणात दाखवलं होतं. त्यानं मला पाहिलं आणि फळ्याकडे तोंड केलं.

किती स्वस्तात गेलास तू, प्रीतम! उन्हाळ्यात संपणारी नेमणूक. मला विचारलं असतंस तर माझी पुस्तकं, माझी टिपणं, सगळं त्याला दिलं असतं. तास तेवढे नाही. ते मी भांडून मिळवलेत.

माफी मी स्वीकारणार नाही. संघपालच्या नेमणुकीचा कागद कालच आपल्या वकील गीतांजलीबाईंकडे दिला. येत्या सोमवारी तो न्यायाधीशांपुढे जाईल, आणि बहुतेक नेमणूकही जाईल. पोराला तू सांगू नकोस, खरं बोलायची तुझी सवय मोडलीय. मीच सांगेन, आणि तो रडला तर जवळ घेईन.

सुनावणीला यायचं तर ये. पण बसशील तो भगवंतरावांच्या शेजारी बस. या खेपेला मला कळू दे.

अजून तरी तुझी ताई,
माया