नळी काढल्यानंतर

३ फेब्रुवारी
घरी आलो. प्रोस्टेट काढली, पण बदल्यात नळी आणि पिशवी लावून पाठवलं. स्वतःची लघवी पलंगाला टांगून झोपायचं. शिसारी येते. बायको पिशवी रिकामी करताना चक्क गुणगुणते!

१० फेब्रुवारी
नळी निघाली. संपलं एकदाचं. डॉक्टर म्हणाला, काही आठवडे, कदाचित काही महिने थोडं गळेल. पॅड वापरा, खालचे स्नायू आवळायचा व्यायाम करा. मला व्यायाम शिकवतोय! जन्मभर शाळेत पीटी घेतली मी. याचं स्वतःचं पोट टेबलाला टेकलेलं.
‘त्या’ बाबतीतही धीर धरा म्हणाला. बायको लगेच म्हणाली, आम्हाला काही घाई नाही. हिला विचारलं कुणी?

११ फेब्रुवारी, सकाळ
शिंकलो. छी. चहा जास्त झाला असणार. चहा बंद.

१४ फेब्रुवारी
नुसता खुर्चीतून उठलो, तरी तेच. म्हणजे चहाचा संबंध नाही. चहा सुरू.
घरभर वास येतो. बायको म्हणते, येत नाही. तिचं नाक चोंदलंय. पँट गुपचूप धुऊन वाळत घातली, तर शेजारीण म्हणाली, सर, हल्ली घरकामात मदत करता वाटतं! हो म्हणालो. किळस आलीय सगळ्याची.

५ मार्च
परवा क्रीडादिन. मुख्याध्यापिकाबाईंचा फोन: तुम्ही आराम करा, शर्यतीची शिट्टी गणिताचे सर वाजवतील. गणिताचे सर! त्यांच्या फुंकरीने चहासुद्धा निवत नाही. मी जाणार. पूर्ण बरा आहे. पांढरी पँट इस्त्री करून ठेवली. बायकोने पॅड पुढे केलं. म्हटलं, ते तान्ह्या बाळांना.

७ मार्च, दुपार
शिट्टी दणदणीत वाजली. मुलं सुटली. मीही.
समोर सगळे पालक. जागचं हलता येईना. ताठ उभा राहिलो. तेवढ्यात बायको पाणी घेऊन धावत आली आणि अख्खी बाटली माझ्या अंगावर उपडी! कमरेखाली चिंब. सगळ्यांदेखत झापलं तिला. साधी बाटली धड धरता येत नाही? सॉरी म्हणाली. लोक तिला हसले. हसणारच. हिच्यापायी बक्षीससमारंभ सोडून घरी यावं लागलं.

संध्याकाळ
राग निवळल्यावर विचारलं, बाटली हातातून निसटली कशी?
भाजी निवडता निवडता म्हणाली, निसटली नाही. झाकण घरूनच सैल करून नेलं होतं.