नाथाजी चिताऱ्याची पाठमोरी देवी

१२ नोव्हेंबर, सातारा
लॉजवाल्याने बादली दिली, तांब्या नाही! ओंजळीने अंघोळ करावी लागली. या राष्ट्रीय आपत्तीची नोंद कुठेतरी व्हावी, म्हणून इथे.
नाथाजी चितारी. दीडशे वर्षांपूर्वीचा माणूस, त्याचं चरित्र लिहितेय. आधी लढाया रंगवल्या, मग देव. उतारवयात मात्र एकच — पाठमोरी देवी. चेहरा कुठेच नाही. मी त्यावर आख्खं प्रकरण लिहिलंय. ‘धाडसी रचना’ वगैरे.

१४ नोव्हेंबर, पलूसजवळ
त्याने समोरून रंगवलेली शेवटची देवी इथल्या देवळात. काय डोळे! फोटो काढला. मुखपृष्ठ ठरलं.
बाहेर नळावर घागर भरणारी पोरगी वळली. तोच चेहरा! देव न मानणारी मी — माझे हात जोडले गेले.
ती घागर टाकून पळाली.

१५ नोव्हेंबर
पोरीच्या आजीकडे गेले, मुखपृष्ठाचंही सांगितलं. दगडाबाई. मेंढरं राखणारं घर.
“आवं बाई, तुमी पन? शिकल्याली दिसताय की!”
नाथाजीसमोर बसली होती यांच्या खापरपणजीची बहीण, साळू. चित्र झालं आणि गाव तिच्या पाया पडायला लागलं. भाकरी मागितली की नैवेद्य यायचा. लग्नाला कोण उभं राहणार? मरेपर्यंत एकटी. नाथाजी एकदा परत आला, तेव्हा म्हणाली म्हणे, “माजं तोंड दे की रं माघारी.” तो पुसायला गेला. गावाने हात धरला.
“आन् आता ही प्रांजल. दोन स्थळं आली, हात जोडून गेली. गावापुरतं हाय त्येच लय झालं. फोटू छापू नगा.”
चोरासारखा मोबाइल पर्समध्ये सरकवला. मी!

१६ नोव्हेंबर, सातारा
इथल्या संग्रहालयात पाठमोरी देवी पुन्हा पाहायला गेले. रचना दिसेचना. कुणी बघू नये म्हणून एक बाई वळून बसलीय, बस. दारापर्यंत आले तरी वाटत राहिलं, आता मागे बघेल.
प्रकरण काढून टाकलं. प्रकाशकांना कळवलं, मुखपृष्ठावर पाठमोरीच. “चेहऱ्याशिवाय पुस्तक खपतं का हो?” नका खपवू!

१९ नोव्हेंबर, पलूसजवळ
दगडाबाईंसमोर मोबाइलमधला फोटो पुसला. निघताना प्रांजल वाकली. ‘असू दे, असू दे’ म्हणायची माझी सवय. आज म्हटलं नाही. पाय पुढे केले, पुरता नमस्कार घेतला. नळावरचा माझा नमस्कार फिटला.
“लय गार हायत की पाय तुमचं,” म्हणाली, आणि खिदळली.